पोलिसांच्या कॅमेऱ्यातला देह

बिल ब्रँटच्या छायाचित्रांचं एक फाटकं पुस्तक मला फ्लोरा फाउंटनच्या फुटपाथवर मिळालं, त्याला आता तीस वर्षं होतील. आत नग्न स्त्रियांची छायाचित्रं, म्हणून विक्रेत्यानं ते वर्तमानपत्रात गुंडाळून गठ्ठ्याच्या तळाशी ठेवलं होतं. घरी येऊन कागद सोडला, तर आधी नजरेत भरल्या त्या खोल्या. उंच छत, ओकीबोकी भिंत, मागे खिडकी, कोपऱ्यात एक खुर्ची. आणि या सगळ्याच्या पुढ्यात, डोंगराच्या सोंडेसारखा पुढे आलेला गुडघा.

अशा नग्न छायाचित्रांचा मागचा इतिहास थोडक्यात सांगतो. छायाचित्रणाची कला १८३९ साली जाहीर झाली आणि लवकरच चित्रकारांना अभ्यासासाठी नग्न मॉडेलची छायाचित्रं मिळू लागली. देलाक्रुआनं १८५४ मध्ये द्युरिय या छायाचित्रकाराकडून अशी छायाचित्रं काढून घेतली होती. छायाचित्रकार मान रेनं १९२४ मध्ये किकी या मॉडेलच्या पाठीच्या छायाचित्रावर व्हायोलिनची दोन छिद्रं रेखाटली. एडवर्ड वेस्टननं १९३६ मध्ये कॅरिस विल्सनला दारात, गुडघ्यांवर मान टाकून बसवलं. चेहरा अजिबात नाही, मागे दाराचा काळोख. या छायाचित्राची एक गंमत मला फार आवडते. वेस्टनला उजव्या हातावरची सावली कायम खुपत राहिली, तर कॅरिसला स्वतःचा वाकडा भांग आणि केसांतल्या पिना!

पण माझा जीव ब्रँटवर. हा जन्मानं हॅम्बर्गचा, १९०४ चा. पॅरिसमध्ये काही महिने मान रेच्या स्टुडिओत होता, पुढे लंडनचाच झाला. इंग्रजांच्या घरांवरचं त्याचं पुस्तक १९३६ चं. त्यातल्या कित्येक प्रसंगांत त्यानं आपल्याच नातेवाइकांना आणि मित्रांना उभं केलं होतं. म्हणजे खोलीत माणूस कुठे ठेवायचा, हे त्याच्या हातात आधीपासूनच होतं.

दुसरं महायुद्ध संपता संपता लंडनच्या एका जुन्या सामानाच्या दुकानात त्याला कोडॅकचा लाकडी कॅमेरा मिळाला. शटर नाही, लेन्स अतिशय रुंद कोनाची, फोकस कायमचा पक्का. असे कॅमेरे पोलीस गुन्ह्याच्या जागेची नोंद करायला वापरत, कारण एका निगेटिव्हमध्ये अख्खी खोली मावे. ऑर्सन वेल्सच्या ‘सिटिझन केन’ या चित्रपटातल्या छतासकट दिसणाऱ्या खोल्यांनी ब्रँटला आधीच वेड लावलं होतं. या कॅमेऱ्याच्या काचेवर चित्र इतकं अंधूक दिसे की नेमकं काय येतंय ते कळणं अवघड. ब्रँटनं ते लेन्सवर सोपवलं.

ही लेन्स देह वाकडा करते, असं बरेच जण म्हणतात. मला ते पटत नाही. करणी अंतराची आहे. गुडघा लेन्सपासून २० सेंटिमीटरवर आणि चेहरा एक मीटरवर असेल, तर तितक्याच आकाराची वस्तू गुडघ्यापाशी पाचपट मोठी दिसणार. गुहागरच्या किनाऱ्यावर मी स्वतःचाच तळहात रुंद कोनाच्या लेन्ससमोर धरून हे करून पाहिलं. बोटं सुरूच्या खोडांएवढी झाली, समुद्र त्यांच्या बेचक्यात मावला. तासभर मी हात सरकवत होतो. वीतभर मागे घेतला की तो पुन्हा नुसता हात! मांडणीची सगळी मदार त्या वीतभरावर असते, हे तिथं पक्कं कळलं.

पुढे ब्रँट खोलीबाहेर पडला. ईस्ट ससेक्सच्या आणि फ्रान्सच्या किनाऱ्यांवर त्यानं देह गोट्यांच्या शेजारी ठेवला. एका छायाचित्रात नुसता कान आहे, मागे किनारा पसरलेला. डार्करूममध्ये त्यानं पांढरेपणा इतका वाढवला की त्वचा कुठली आणि दगड कुठला, याचा क्षणभर घोळ व्हावा. त्या कानाइतकं धाडसी न्यूड छायाचित्र मी पाहिलेलं नाही. ही सारी छायाचित्रं १९६१ मध्ये ‘पर्स्पेक्टिव्ह ऑफ न्यूड्स’ या नावानं पुस्तकरूपात आली. प्रस्तावना लेखक लॉरेन्स ड्यूरेलची.

कधी त्यातलं एखादं समोर आलं, तर आधी खिडकी शोधा. मग छत, मग ती कोपऱ्यातली खुर्ची. देहाकडे सगळ्यात शेवटी या.