अमर भाषकांची भाषा का बदलावी? टोल्कीन यांच्या कल्पित विश्वातील एक भाषाविचार

भाषा एका पिढीकडून दुसऱ्या पिढीकडे जाताना बदलते, हे मत हेरमान पाउल यांनी १८८० मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात विस्ताराने मांडले. मूल ऐकून भाषा शिकते. ती जशीच्या तशी त्याच्या हाती येत नाही. आणि या लहानसहान अंतरांची बेरीज होऊन काही शतकांत भाषेचे रूप पालटते. हे खरे मानले, तर ज्या समाजात वार्धक्याने कोणी मरत नाही, स्मृती सहसा क्षीण होत नाही आणि मुलेही थोडीच जन्मतात, त्या समाजाची भाषा जवळजवळ स्थिर राहावयास हवी. असा समाज पृथ्वीतलावर नाही. परंतु जे. आर. आर. टोल्कीन (१८९२–१९७३) यांनी तो कल्पिला, आणि त्या समाजातील पंडितांच्या मुखी या प्रश्नाचे उत्तरही घातले. टोल्कीन हे ऑक्सफर्ड येथे प्रथम अँग्लो-सॅक्सनचे व पुढे इंग्रजी भाषा-वाङ्मयाचे प्राध्यापक होते. तेव्हा हे उत्तर कथेची सजावट म्हणून सोडून देता येत नाही.

१९९६ मध्ये, म्हणजे लेखकाच्या मृत्यूनंतर, प्रसिद्ध झालेल्या एका छोट्या लेखात एल्फविने नावाचा मर्त्य प्रवासी पेंगोलोध या एल्फ पंडिताला नेमके हेच विचारतो. पेंगोलोधचे उत्तर असे, की या जगात जे जे जिवंत आहे ते बदलतेच. एल्फही त्याला अपवाद नाहीत. मात्र ते आपली भाषा सुट्या शब्दांनी नव्हे, तर अखंड वस्त्रासारखी जाणतात. विणकर धाग्याचा रंग बदलतो, तद्वत् एखादा नवा ध्वनी रुचला की ते तो एकाच शब्दात न योजता भाषेच्या सर्व विणीत योजतात.

या उत्तराचे मर्म ध्वनिनियमांत आहे. १८७८ मध्ये ओस्टहोफ आणि ब्रुगमन यांनी ध्वनिनियमांना अपवाद नसतो असे प्रतिपादन केले, ते ध्वनिपरिवर्तन यांत्रिक असते, भाषकाच्या जाणिवेखाली घडते, या आधारावर. पेंगोलोध त्याच नियमिततेला उलट कारण देतो: बदल सरसकट होतो, कारण तो जाणीवपूर्वक केला जातो. युक्तिवाद चतुर आहे, परंतु पुरेसा नाही. एकाची रुची सर्वांची का व्हावी? ज्यांना ती भावते ते तिचा स्वीकार करतात, यापलीकडे पेंगोलोध फारसे सांगत नाही.

ही उणीव टोल्कीन यांच्याच दुसऱ्या एका लेखनात भरून निघते. १९६८ च्या सुमारास लिहिलेल्या आणि त्याच १९९६ च्या खंडात समाविष्ट झालेल्या या टिपणात क्वेन्या भाषेतील एका दंत्य घर्षकाचा इतिहास आहे. इंग्रजी 'थिंग' या शब्दाच्या आरंभी येणारा हा ध्वनी. नागरीत त्याला चिन्ह नाही, म्हणून येथे 'थ' योजला आहे. नोल्दोर गणात या 'थ'चा 'स' होऊ लागला. राणी मीरिएल हिने मात्र जुना उच्चार सोडला नाही. तिचे दुसरे नाव 'थेरिंदे' होते आणि ते 'सेरिंदे' झालेले तिला रुचत नव्हते. तिच्या मृत्यूनंतर राजाने इंडिसशी विवाह केला. इंडिसच्या मूळ गणात 'थ' टिकून होता. तरी पतीच्या गणाशी एकरूप व्हावे म्हणून तिने 'स' स्वीकारला. मीरिएलचा पुत्र फेआनोर याला हा आपल्या मातेचा अवमान वाटला. तेथून 'थ' हा ध्वनी न राहता पक्षाची खूण झाला.

येथे कल्पित विश्व प्रत्यक्षाच्या फार जवळ येते. विल्यम लेबव्ह यांनी १९६३ मध्ये मार्थाज व्हिन्यर्ड बेटावरील संयुक्त स्वरांचा अभ्यास प्रसिद्ध केला. बेटाशी आपले नाते मानणाऱ्यांच्या उच्चारात एक विशिष्ट लकब अधिक ठळक असल्याचे त्यांना आढळले. मराठीतील 'न' आणि 'ण' यांवरून माणसाची पारख करणाऱ्यांना हे निराळे समजावून सांगण्याची गरज नाही. प्रौढाचा उच्चारही स्थिर नसतो. दुसऱ्या एलिझाबेथ राणीच्या नाताळच्या भाषणांतील स्वरांचे जे विश्लेषण हॅरिंग्टन आणि सहकाऱ्यांनी २००० मध्ये 'नेचर'मध्ये दिले, त्यात १९५०च्या दशकातील स्वर १९८०च्या दशकापर्यंत दक्षिण इंग्लंडमधील सर्वसामान्य प्रमाण उच्चाराकडे सरकलेले दिसतात, जरी ते तेथवर पूर्णपणे पोहोचलेले नाहीत. म्हणजे परिवर्तनाला नवी पिढी लागतेच असे नाही. पाउल यांचे मत त्या मर्यादेतच घ्यावे लागते.

तथापि एक भेद उरतो. 'थ' हा पूर्वीपासून असलेल्या 'स'मध्ये मिसळला, आणि दोन ध्वनी असे एकरूप झाल्यावर कोणत्या शब्दात मूळचा कोणता होता हे नुसत्या बोलण्यावरून पुन्हा ठरविता येत नाही. मराठीत 'ष' आणि 'श' यांची हीच गत आहे; जो 'ष' वेगळा उच्चारतो तो बहुधा लेखनाच्या आधाराने. मर्त्य समाजात मीरिएलचा उच्चार दोन-तीन पिढ्यांत पुसला गेला असता. फेआनोरला तो हट्टाने चालविता आला, कारण प्रत्येक शब्दाचे जुने रूप ऐकलेली माणसे अद्याप जिवंत होती. शिवाय लिपी त्यानेच घडविलेली. तिच्यातील त्या अक्षराचे नाव 'थूले' आणि 'सूले' अशा दोन्ही रूपांत नोंदलेले आहे.