'लोकल' : एका इंग्रजी शब्दाचा ठाणे-कल्याण पट्ट्यातील अर्थविस्तार

इंग्रजीतील 'लोकल' हा शब्द 'स्थान' या अर्थाच्या 'लोकस' या लॅटिन शब्दापासून आला आहे. मूळ भाषेत तो प्रामुख्याने विशेषण आहे. नाम म्हणून इंग्लंडमध्ये तो घराजवळच्या मद्यगृहालाही लावला जातो. ठाणे, डोंबिवली आणि कल्याण या शहरांत मात्र 'लोकल' म्हणताच उपनगरी रेल्वेगाडीच अभिप्रेत असते. येथे विशेष्याचा लोप होऊन विशेषणाचेच नाम झाले आहे. लोप पावलेल्या 'गाडी'चे स्त्रीलिंग तेवढे मागे राहिले : लोकल 'चुकते', 'येते', 'रखडते'. अनेकवचनात शब्द बदलत नाही. 'चार लोकल रद्द झाल्या' या वाक्यात वचन संख्येवरून आणि क्रियापदावरून कळते.

फलाटावरील मराठी उद्घोषणा या दृष्टीने लक्षणीय आहे. प्रवासी 'फास्ट' व 'स्लो' म्हणतात, उद्घोषणेत 'जलद' व 'धीमी' असते; 'लोकल' मात्र दोहोंकडे लोकलच. 'स्थानिक गाडी' हा प्रतिशब्द येथे रुजणे कठीणच होते. मुंबई ते कल्याण हे अंतर सुमारे 54 किलोमीटर आणि कसारा सुमारे 120 किलोमीटर. एवढा पल्ला गाठणाऱ्या गाडीस स्थानिक कसे म्हणावे? बोरीबंदर-ठाणे मार्ग 16 एप्रिल 1853 रोजी सुरू झाला आणि 1854 मध्ये कल्याणपर्यंत पोहोचला. त्या मार्गावर वाढलेल्या वस्तीत 'जागेपुरता' हा अर्थ असलेला शब्द माणसास रोज त्याच्या जागेपासून दूर नेणाऱ्या साधनाचे नाव झाला आहे.

मार्च 2020 मध्ये टाळेबंदीमुळे ही सेवा थांबली. पुढे सर्वसामान्य प्रवाशांसाठी ती 1 फेब्रुवारी 2021 पासून, तीही ठरावीक वेळांतच, खुली झाली. मधल्या काळात 'लोकल कधी सुरू होणार' या प्रश्नाचा अर्थ नोकरी टिकणार की नाही, असा होता. मे 2020 मध्ये पंतप्रधानांनी 'लोकल'साठी 'व्होकल' होण्याचे आवाहन केले, तेव्हा तेथील अर्थ 'देशी' असा होता. डोंबिवलीकराची लोकल त्या वेळी बंद होती.

बाजारातील अर्थ याच्या अगदी उलट आहे. 'लोकल चार्जर' म्हणजे नाममुद्रा नसलेला, हमी नसलेला, स्वस्त माल. तो परदेशातून आला असला तरी लोकलच. शस्त्रक्रियेपूर्वी 'लोकल दिली' म्हणजे तेवढ्याच भागास भूल दिली. लँडलाइनच्या काळात ठाण्याचा संकेतांक 022 आणि कल्याण-डोंबिवलीचा 0251 असल्याने या शहरांमधला फोन 'लोकल' ठरत नसे, गाडी मात्र ठरे.

व्यक्तीविषयी बोलताना 'तो लोकल आहे' या वाक्यात धाक किंवा आधार सूचित होतो : त्याच्यामागे माणसे आहेत. तथापि रेल्वेच्याही आधीपासून येथे राहणारा आगरी-कोळी समाज आपला हक्क मांडताना 'लोकल' म्हणत नाही. तेथे 'स्थानिक' किंवा 'भूमिपुत्र' हेच शब्द येतात. निवेदनाच्या भाषेत इंग्रजी शब्दाला ते वजन नाही.

सर्वांत विचार करण्याजोगा प्रयोग वृत्तपत्रांतील आहे : 'लोकलमधून पडून प्रवाशाचा मृत्यू'. 'पडून' या धातुसाधिताचा कर्ता प्रवासी, म्हणून व्याकरणदृष्ट्या सारी कृती त्याच्याच माथी येते. गर्दी, उघडे दार आणि दोन गाड्यांमधील अंतर यांना त्या वाक्यात स्थान नसते. 9 जून 2025 रोजी मुंब्रा स्थानकाजवळ दोन लोकल परस्परांजवळून जात असताना दारात लटकलेले प्रवासी खाली पडले आणि काहींचा मृत्यू झाला. त्यानंतर नव्या लोकलना स्वयंचलित दारे बसविण्याची घोषणा झाली.