शेटजींचे नाव, गावाची पुस्तके

सोलापुरात एखादे व्याख्यान कुठे आहे असे विचारले, तर बरेचदा उत्तर मिळते, ‘हिराचंद नेमचंदला.’ पुढे ‘वाचनालय’ म्हणायची कुणाला गरज वाटत नाही. किर्लोस्कर सभागृह आणि अ‍ॅम्फी थिएटर यांमुळे, आयुष्यात एकही पुस्तक न घेतलेला माणूससुद्धा या आवारात चार वेळा येऊन गेलेला असतो. काही जुन्या सभासदांना हे रुचत नाही. मला त्यात वावगे काही दिसत नाही. माणसे निदान दारापर्यंत तरी येतात.

या वाचनालयाचे मूळ एकोणिसाव्या शतकातल्या ‘नेटिव्ह जनरल लायब्ररी’च्या लाटेत आहे. रत्नागिरीला 1828, नाशिकला 1840, पुण्याला 1848, कोल्हापूरला 1850 अशी ती गावोगाव पसरत गेली. साहेबाचे प्रोत्साहन, नवशिक्षित कारकून-वकिलांची वर्गणी आणि टेबलावर वर्तमानपत्रे, असा तो थाट. वर्गणी न परवडणाऱ्याला तिथे स्थान नव्हते. नंतर सोलापूरच्या वाचनालयाला नाव लागले ते हिराचंद नेमचंद दोशी यांचे. व्यापारी घराणे, ‘जैन बोधक’ या नियतकालिकाशी संबंध आणि मुलगा वालचंद, म्हणजे पुढे जहाजे-विमानांचे कारखाने काढणारे उद्योगपती.

पेढीवाल्यांच्या पैशातून ग्रंथव्यवहार उभा राहण्याची सोलापूरची ही एकच गोष्ट नाही. ब्रह्मचारी जीवराज गौतमचंद दोशींच्या दानातून इथल्या जैन संस्कृती संरक्षक संघाची ग्रंथमाला निघाली. आ. ने. उपाध्ये आणि हिरालाल जैन यांनी संपादलेला ‘तिलोयपण्णत्ती’ हा प्राकृत ग्रंथ तिचे पहिले पुष्प. जगभरच्या प्राकृत अभ्यासकांच्या कपाटात जाणारे पुस्तक गिरण्यांच्या गावातून निघत होते, हे खुद्द सोलापूरकरांनाही फारसे ठाऊक नसते. इथे भरलेली साहित्य संमेलने मात्र सगळ्यांच्या लक्षात आहेत : 1941 चे वि. स. खांडेकरांचे आणि 2006 चे, ज्याचे अध्यक्ष मारुती चितमपल्ली याच गावात जन्मले होते.

आता व्यवस्थेकडे वळू. फैजी समितीने 1939-40 मध्ये तेव्हाच्या मुंबई प्रांतासाठी ग्रंथालयांची उतरंड सुचवली. कोल्हापूर संस्थानाने 1945 साली कायदाही केला. महाराष्ट्राचा कायदा झाला तो 1967 चा. त्याने ग्रंथालये सरकारी न करता, लोकांच्या संस्थांना अनुदान देण्याचा मार्ग धरला. जिल्हा, तालुका, इतर असे गट आणि त्यांत अ पासून ड पर्यंत वर्ग. सोलापुरातल्या पेठांमधली बहुतेक वाचनालये या जिन्यावर कुठेतरी उभी आहेत.

खालच्या पायरीचा हिशेब नीट पाहावा. ‘ड’ वर्गाला वर्षाला 30,000 रुपये मिळत. 2022-23 मधल्या 60 टक्के वाढीने ते 48,000 झाले. त्यातले निम्मे वेतनाचे धरले, तर ग्रंथपालाच्या हाती महिन्याला 2,000 रुपये आले. त्यात दार उघडायचे, दाखल नोंदवही लिहायची, पुस्तकामागच्या पट्टीवर तारखेचा शिक्का मारायचा, मासिके लावायची आणि तपासणी आली की सगळे कागद दुरुस्त ठेवायचे. अनुदान येते दोन हप्त्यांत आणि वेळेवर येईलच असे नाही. तोवर वर्तमानपत्रवाल्याची उधारी वाढत राहते. दुसरा पोटापाण्याचा धंदा असलेलाच हे काम करू शकतो.

इथून शे-सव्वाशे किलोमीटरवर विजयपूर, कलबुर्गी. तिथे 1965 च्या कर्नाटक कायद्याने मालमत्ता करावर ग्रंथालय उपकर बसवला, त्यामुळे शहर ग्रंथालयाला स्वतःचे उत्पन्न आहे. तो पैसा नगरपालिकांकडून वेळेवर हाती पडतो असेही नाही. थकबाकीच्या बातम्या तिकडेही येतात. पण हक्काने मागायला रक्कम तरी आहे. आपल्या कायद्यात असा करच नाही.

सोलापूरला तर हे जास्तच जाचते. पूर्व भागात घरी तेलुगू, शहराच्या दुसऱ्या टोकाला कन्नड, मधल्या मोहल्ल्यांत उर्दू, कचेरीत मराठी. चार भाषांची कपाटे भरणे ‘ड’ वर्गाच्या बजेटात बसत नाही आणि एका शेटजींच्या दानातही भागत नाही. वर स्पर्धा परीक्षेची मुले आहेत. पुस्तक नको, पण खुर्ची, पंखा आणि शांतता हवी, अशी त्यांची मागणी. अभ्यासिका हीच आज अनेक वाचनालयांची सर्वात गजबजलेली खोली आहे. तिचे वीजबिल कुणी भरायचे, हे अनुदानाच्या तक्त्यात नीट सापडत नाही. महापालिकेच्या मालमत्ता कराच्या बिलावर शिक्षण कर असतो, वृक्ष कर असतो. त्यात ग्रंथालयासाठी आणखी एक ओळ घालायची, तर 1967 च्या कायद्यात दुरुस्ती करावी लागेल, आणि ती मागणी मुंबईत नेणारा आमदार आधी शोधावा लागेल.