पाण्याचा थेंब नको: व्हिनेगरमधला तिखट सॉस

ठेचा आपल्या प्रत्येकीच्या हातचा असतो, पण तो चार दिवसांत संपवायचा. भाजलेल्या चिकनवर, सँडविचमध्ये घालायचा सॉस बाटलीत टिकायला हवा. तो टिकतो आंबटावर. गोव्यात मासळीत भरायचा रेशाद मसालाही व्हिनेगरमध्येच वाटतात.

आम्ही १०० ग्रॅम सुक्या मिरच्या घेतो. ७५ ग्रॅम ब्याडगी रंगासाठी, २५ ग्रॅम लवंगी झणक्यासाठी. देठ काढून, पुसून, ४०० मिलिलिटर पांढऱ्या व्हिनेगरमध्ये त्या रात्रभर भिजतात. व्हिनेगरच्या बाटलीवर आम्लता ४ टक्के किंवा जास्त लिहिलेली हवी. सकाळी त्याच व्हिनेगरसकट ५० ग्रॅम सोललेला लसूण, बोटभर आलं, चमचाभर भाजलेलं जिरं, ५० ग्रॅम गूळ आणि २५ ग्रॅम मीठ घालून बारीक वाटायचं. मिक्सर अडला की हात आपोआप पाण्याच्या तांब्याकडे जातो. इथे पाणी नको, लागलंच तर व्हिनेगर.

मग गाळून, सतत ढवळत १० मिनिटं रटरटू द्यायचं. खिडक्या उघड्या ठेवा, नाहीतर सगळं घर ठसकेल. पातेलं स्टीलचंच घ्या. ॲल्युमिनियम आणि पितळेला आंबट खातं. उकळून वाळवलेल्या काचेच्या बाटल्या कोमट असतानाच सॉस गरमागरम भरायचा. उघडलेली बाटली फ्रिजमध्ये ठेवा.

काही जणी कच्चा लसूण-मिरची वाटून वर तेल ओततात आणि बरणी फळीवर ठेवतात. हे धोक्याचं आहे. तेलाखाली हवा पोहोचत नाही, आणि बॉट्युलिझमचे जंतू अशाच जागी विष तयार करतात. वास, चव, रंग काहीच बदललेलं दिसत नाही, माणूस मात्र दगावू शकतो. पुरेशा आंबटात ते वाढत नाहीत. म्हणून गटाने विकायचं ठरवलं, तर अन्न सुरक्षेची नोंदणी तर हवीच, पण सॉसची आम्लताही तपासून घ्या. पीएच ४.६ च्या खाली हवा. आम्ही म्हणू, ४ च्या आसपास असलेला बरा.

चिकन निखाऱ्यावर भाजताना सॉस शेवटच्या पाच मिनिटांत लावा, आधी लावला तर गूळ करपतो. लागेल तेवढा वाटीत काढून घ्या. कच्च्या मांसाला लागलेला ब्रश बाटलीत बुडवायचा नाही, आणि वाटीतलं उरलेलं परत ओतायचं नाही. सँडविचला आधी लोणी, मग सॉस, म्हणजे पाव ओला होत नाही.