मानेत साकव, कानात साकव

मानेवर मागच्या बाजूला, केस संपतात तिथे दोन बोटं ठेवा. आता मान डोलवून ‘हो’ म्हणा. मग ‘नाही’ म्हणा. ‘हो’ म्हणताना तुमची कवटी मानेच्या पहिल्या मणक्यावर झुलली. ‘नाही’ म्हणताना तो पहिला मणकाच कवटीला घेऊन दुसऱ्यावर फिरला.

हा पहिला मणका बाकीच्यांसारखा ठोकळा नाही, कडं आहे. डोक्यावर घागर घेताना खाली चुंबळ ठेवतात ना, अगदी तसा. नाव मात्र भारी, ॲटलास! ग्रीक गोष्टींत आकाश खांद्यावर तोलून धरणारा राक्षस आहे, त्याचं हे नाव. आपल्याकडे पृथ्वी शेषाच्या फण्यावर, त्यांच्याकडे आकाश ॲटलासच्या खांद्यावर. मला विचाराल तर चुंबळच जास्त शोभलं असतं.

आता गंमत. मेंदूकडे रक्त नेणाऱ्या चार मोठ्या नळ्यांपैकी दोन मणक्यांतून जातात, एक डावीकडून, एक उजवीकडून. मानेच्या सात मणक्यांना दोन्ही बाजूंना भोकं असतात. बहुतेकांची नळी सहाव्या मणक्याच्या भोकात शिरते आणि पाचवा, चौथा, तिसरा करत, बोगद्यांतून गाडी जावी तशी थेट वर येते. पहिल्या मणक्याशी पोचली की अचानक मागे वळते. दौंडच्या मुलांना हे लगेच कळेल. पुण्याहून मनमाडकडे जाणारी गाडी दौंडला थांबायची, इंजिन पुढचं सुटून मागे लागायचं आणि गाडी उलट्या तोंडाने निघायची. आता बाहेरून वळसा देणारी नवी लाइन झाल्यापासून ती मजा कमी झाली. आपली नळी इतकी उलटी फिरत नाही, पण काटकोनात वळून मणक्याच्या पाठीवरच्या एका चरात आडवी होते आणि मग कवटीत शिरते.

काही माणसांत या चरावर हाडाची बारीक कमान असते. खालून रक्त वाहतं, वर पूल! पुलावरून मात्र कोणीच जात नाही. लॅटिनमध्ये त्याला ‘पाँटिक्युलस’ म्हणतात, म्हणजे छोटा पूल. आपल्याकडे ओढ्यावरच्या छोट्या पुलाला कधीपासूनच एक छान शब्द आहे, साकव.

शिरूर आणि दौंड तालुक्यांच्या मध्ये भीमा वाहते. चौफुल्याहून केडगाव, पारगावमार्गे एसटीने न्हावऱ्याला जाताना ती पुलावरून ओलांडावी लागते. त्या एसटीत पन्नास माणसं असतील, तर चार-पाच जणांच्या मानेत असा पूर्ण साकव सापडावा. आणखी पाच-सहा जणांत तो अर्धवट असेल, कंत्राटदाराने काम मध्येच सोडल्यासारखा. आपल्याला आहे की नाही हे कोणालाच ठाऊक नसतं, कारण बहुतेकांना त्याचा काही त्रास होत नाही. एक्स-रे किंवा सीटी स्कॅन काढला तरच दिसतो. माकडांच्या मानेत तो सर्रास आढळतो.

जुनी हाडं तपासणारे लोकही पहिला मणका हाती आला की साकव आहे का ते बघतात. शिरूर तालुक्यातच घोड नदीकाठी इनामगाव आहे. तिथे १९६८ ते १९८३ या काळात पुण्याच्या डेक्कन कॉलेजने उत्खनन केलं. इ.स.पूर्व १६०० ते ७०० दरम्यान नांदलेलं शेतकऱ्यांचं गाव वर आलं. घरांच्या जमिनीखाली माणसं पुरलेली होती. लहान मुलांना तर दोन रांजण तोंडाला तोंड लावून त्यांत ठेवलेलं. असे दोनशेहून जास्त सांगाडे मिळाले आणि त्यांचा बारकाईने अभ्यास झाला.

अशा कवटीच्या कानातली माती फेकून देत नाहीत, अलगद चाळतात. का? कारण तिच्यात शरीरातलं सगळ्यात छोटं हाड असू शकतं. हातोडा, ऐरण आणि रिकीब ही कानातली तीन हाडं तुम्ही शाळेत शिकलातच. त्यातली रिकीब जेमतेम तीन मिलिमीटरची, तांदळाच्या कणीएवढी.

आणि दुसरा साकव इथेच आहे. कानाच्या पडद्यामागे चिंचोक्यासारखी चपटी, उभी पोकळी असते. तिच्या मागच्या भिंतीवर हाडाचा एक इवलासा सुळका. त्याच्या पोटात शरीरातला सर्वांत छोटा स्नायू लपलेला. मोठा आवाज होत राहिला की तो रिकीब मागे खेचून आवाज थोडा कमी करतो. या सुळक्यापासून पोकळीच्या आतल्या भिंतीपर्यंत जी हाडाची बारीक दांडी जाते, तिलाही पाँटिक्युलसच म्हणतात. कोणात ती नुसता उंचवटा असते, कोणात खालून मोकळा असलेला खरा पूल, कोणात अपुरी. तिच्या खालच्या खोबणीत कानाचा जुना रोग दडून बसतो, म्हणून डॉक्टर बारीक दुर्बीण घालून तिथे डोकावतात.

मानेच्या साकवाचीही डॉक्टरांना काळजी घ्यावी लागते. पहिल्या मणक्यात स्क्रू बसवायचा असेल आणि साकवालाच जाड हाड समजून भोक पाडलं, तर खालची रक्ताची नळी फुटू शकते. म्हणून आधी स्कॅन बघून घेतात.

तुमच्या हातात एवढंच आहे. केस कापून झाल्यावर सलूनवाले काका डोकं दोन्ही हातांत धरून मान कडाककन मोडायला निघाले, तर त्यांना सरळ ‘नको’ म्हणा. साकव असो वा नसो, अशा हिसक्याने ती वळणावरची नळी आतून फाटू शकते. बाबांनाही सांगा.