वीस परीक्षानळ्या आणि मखमलीचा तुकडा

क्षयरोग झालेल्या माणसाला डॉक्टर जी औषधे देतात ती तुम्ही कधी पाहिली आहेत का? पहिले दोन महिने चार निरनिराळी औषधे असतात: आयसोनियाझिड, रिफाम्पिसिन, पायराझिनामाइड आणि इथाम्ब्युटॉल. पुढचे चार महिने त्यांतली तीन. महिना-दोन महिन्यांत रोग्याचा खोकला कमी होतो, भूक लागू लागते, अंगावर थोडे मांस चढते. तरीही डॉक्टर बजावतात, "गोळ्या मध्येच सोडायच्या नाहीत." आता गंमत अशी, की रोग एक आणि त्याचा जंतूही एकच. मग औषधे चार कशासाठी? एक जालीम औषध भरपूर प्रमाणात दिले तर भागणार नाही का?

नाही भागत. का भागत नाही हे समजून घ्यायचे तर क्षयरोग थोडा वेळ बाजूला ठेवून आपल्याला १९४३ साली अमेरिकेतील ब्लूमिंग्टन या गावी एका नाचाच्या समारंभाला जावे लागेल. तेथे एक शास्त्रज्ञ जुगाराच्या यंत्राजवळ उभा होता.

पण त्याआधी, त्याच्या डोक्यात कोणता प्रश्न घोळत होता ते पाहू. जीवाणूंना मारणारे एखादे द्रव्य त्यांच्यावर घातले की बहुतेक सारे जीवाणू मरतात, पण थोडे वाचतात. वाचलेल्यांची संततीही त्या द्रव्याला दाद देत नाही. हे कसे घडते? आपण बोलताना म्हणतो, जंतूंना औषधाची सवय झाली. अनवाणी चालून चालून तळपाय टणक व्हावेत, तसे औषधाचा मारा सोसून जीवाणू टणक होतात, अशी ही कल्पना. मोठमोठ्या शास्त्रज्ञांनाही ती पटत होती. पुढे नोबेल पारितोषिक मिळवणारे ऑक्सफर्डचे रसायनशास्त्रज्ञ सिरिल हिन्शेलवुड हे त्यांपैकीच एक.

दुसरी शक्यता अगदी उलट होती. औषध येण्यापूर्वीच त्या कोट्यवधी जीवाणूंत दोन-चार 'टणक' जीवाणू असले पाहिजेत. औषधाने त्यांना काहीही शिकवले नाही, फक्त इतरांना मारून टाकले. टणक जीवाणू निपजले ते आनुवंशिक गुणांत आपोआप झालेल्या बदलामुळे, म्हणजे उत्परिवर्तनामुळे.

या दोहोंत खरे कोणते हे ठरवणे फार अवघड होते. कारण टणक जीवाणू शोधायचा तर औषध घालावेच लागते, आणि औषध घातले की तो आधीपासून टणक होता की आत्ता झाला हे सांगता येत नाही!

ब्लूमिंग्टनचे ते शास्त्रज्ञ म्हणजे साल्वादोर लुरिया. जन्म १९१२ चा, इटलीतल्या तुरिन शहरातला. ते ज्यू होते. मुसोलिनीच्या राजवटीत ज्यूंविरुद्ध कायदे होऊ लागले तेव्हा १९३८ साली ते पॅरिसला गेले. १९४० साली जर्मन फौजा पॅरिसवर चालून आल्या तेव्हा लुरिया सायकलवरून शहराबाहेर पडले आणि दक्षिणेकडे निघाले. त्याच वर्षी ते अमेरिकेला पोचले. पुढे इंडियाना विद्यापीठात त्यांना नोकरी मिळाली. तेथे ते एशेरिकिया कोलाय या आपल्या आतड्यात राहणाऱ्या जीवाणूवर आणि त्याला खाऊन टाकणाऱ्या जीवाणुभक्षक विषाणूंवर काम करीत. त्यांच्या प्रयोगांत औषधाच्या जागी हे विषाणू होते. विषाणू टाकले की दुधट दिसणारा जीवाणूंचा द्राव काही तासांत पाण्यासारखा स्वच्छ होई, आणि मग वाचलेल्या थोड्या जीवाणूंपासून पुन्हा गढूळ होई. हे वाचलेले कोण, हा त्यांचा प्रश्न होता.

त्या समारंभात लुरियांचे एक सहकारी नाणे टाकून दांडा ओढायच्या यंत्रावर जुगार खेळत होते. नाण्यामागून नाणी जात होती, हाती काहीच येत नव्हते. लुरिया त्यांची थट्टा करीत होते. एवढ्यात यंत्राने खळखळ करीत दहा-दहा सेंटांच्या नाण्यांची रास ओतली. सहकाऱ्याने लुरियांकडे एक जळजळीत कटाक्ष टाकला आणि तो चालता झाला. लुरिया मात्र तेथेच विचारात पडले. बहुतेक वेळा शून्य, आणि क्वचित एकदम घबाड! रोज थोडे थोडे मिळणे वेगळे आणि हे वेगळे. त्यांना आपल्या प्रश्नाचे उत्तर शोधण्याची रीत सापडली. दुसऱ्या दिवशी रविवार होता, तरी ते सकाळीच प्रयोगशाळेत हजर झाले.

ती रीत अशी समजून घेऊ. वीस शाळा आहेत असे धरा. प्रत्येक शाळेत एका मुलाजवळ इतिहासाची बिनचूक वही आहे. त्याच्याकडून दुसऱ्याने उतरवून घेतली, त्या दोघांकडून आणखी दोघांनी, त्या चौघांकडून आणखी चौघांनी. असे करीत सगळ्या वर्गाजवळ वह्या झाल्या. परीक्षेत काही मुलांनी प्लासीच्या लढाईचे साल १७५७ ऐवजी १७७५ लिहिले. ही चूक कुठे झाली? समजा, परीक्षेला बसल्यावर घाबरून झाली. तर प्रत्येक शाळेतली दोन-तीन मुले चुकतील. कुठे एक, कुठे चार, पण आकडे साधारण सारखे येतील. पण समजा, चूक आधीच, वही उतरवताना झाली. मग बहुतेक शाळांत एकही मुलगा चुकणार नाही. एखाद्या शाळेत शेवटी शेवटी उतरवताना चूक झाली तर एक-दोघे चुकतील. आणि जेथे अगदी सुरुवातीलाच आकडे उलटे झाले, त्या शाळेत निम्मा वर्ग चुकेल! म्हणजे नुसते आकडे पाहून, एकाही मुलाला न विचारता, चूक केव्हा झाली ते ओळखता येते.

जीवाणू वाढतात तेही असेच. एकाचे दोन, दोनाचे चार. पोषक द्राव आणि ऊब मिळाली तर एशेरिकिया कोलाय वीस मिनिटांत दुप्पट होतो. एका जीवाणूपासून दहा तासांत तीस वेळा दुप्पट होऊन १०७ कोटींवर जीवाणू होतात (खोटे वाटत असेल तर गुणाकार करून पाहा). दर वेळी त्याला आपल्या साऱ्या आनुवंशिक मजकुराची प्रत काढावी लागते, आणि प्रत काढताना क्वचित चूक होतेच.

लुरियांनी थोडेथोडे जीवाणू घालून पुष्कळ लहान नळ्या लावल्या. शिवाय एक मोठे पात्र लावले. सगळीकडे जीवाणू भरपूर वाढल्यावर प्रत्येक नळीतील द्राव विषाणू पसरलेल्या एकेका बशीवर ओतला. मोठ्या पात्रातील द्रावाचे तेवढेच भाग करून तेही वेगवेगळ्या बश्यांवर ओतले. विषाणूंच्या तावडीतून जो जीवाणू वाचेल तो वाढून दुसऱ्या दिवशी डोळ्यांना दिसेल असा ठिपका, म्हणजे वसाहत, तयार करतो. ठिपके मोजायचे, बस्स.

छापलेल्या निबंधातील काही आकडे येथे देतो. एकाच पात्रातून घेतलेल्या दहा भागांत १४, १५, १३, २१, १५, १४, २६, १६, २० आणि १३ ठिपके आले. सरासरी सुमारे १७, आणि सगळे तिच्याच आसपास. आता वीस वेगळ्या नळ्यांचे आकडे पाहा: १, ०, ३, ०, ०, ५, ०, ५, ०, ६, १०७, ०, ०, ०, १, ०, ०, ६४, ०, ३५. वीसपैकी अकरा नळ्यांत एकही ठिपका नाही आणि एकीत एकदम १०७! जुगाराच्या यंत्रातले घबाड ते हेच. विषाणूशी गाठ पडण्याच्या कितीतरी आधी त्या नळीतला एखादा जीवाणू बदललेला होता, आणि त्याचे वंशज तेवढ्यात शंभरावर गेले होते.

लुरियांनी ही कल्पना नॅशव्हिल येथे असलेल्या माक्स डेलब्र्युक या मित्राला कळवली. डेलब्र्युक मूळचे जर्मन आणि पदार्थविज्ञान शिकलेले. गणिताची बाजू त्यांनी सांभाळली. जीवाणूंच्या काही कोटी विभाजनांमागे असा एखादा बदल होतो, असा हिशेब निघाला. निबंध १९४३ मध्येच प्रसिद्ध झाला. अमेरिका युद्धात उतरलेली असल्याने हे दोघेही तेव्हा सरकारदरबारी शत्रुराष्ट्राचे नागरिक होते. त्यामुळे युद्धाच्या कामात त्यांना घेत नसत. विज्ञानाचा त्यात फायदाच झाला म्हणायचा.

तरी सगळ्यांचे समाधान झाले नाही. आकडेमोड पुष्कळांच्या डोक्यावरून गेली. शिवाय विषाणूच्या वाटेला कधीही न गेलेला टणक जीवाणू अजून कोणी हातात धरून दाखवला नव्हता. ते काम १९५२ साली विस्कॉन्सिन विद्यापीठातील जोशुआ आणि एस्थर लेडरबर्ग या पतिपत्नींनी केले, आणि तेही मखमलीच्या तुकड्याने.

मखमलीवर बोट फिरवून पाहा. तिच्या अंगावर असंख्य बारीक तंतू उभे असतात. लेडरबर्ग दांपत्याने निर्जंतुक केलेली मखमल एका गोल ठोकळ्यावर ताणून बसवली. जीवाणू दाट वाढलेली बशी तिच्यावर अलगद दाबली. प्रत्येक तंतूच्या टोकाला त्या त्या जागचे थोडे जीवाणू चिकटले. मग तीच मखमल नव्या बश्यांवर दाबली. रबरी शिक्का कागदावर उमटवावा तसा हा प्रकार. पहिल्या बशीत औषध नव्हते. नव्या बश्यांत स्ट्रेप्टोमायसिन हे प्रतिजैविक होते. दुसऱ्या दिवशी नव्या बश्यांवर मोजकेच ठिपके आले, आणि सगळ्या बश्यांवर ते एकाच जागी आले! औषधाने जीवाणू बदलत असते तर ते कोठेही उगवले असते. एकाच जागी उगवले, म्हणजे मूळ बशीत त्याच जागी ते आधीपासून होते.

यापुढची युक्ती मला सर्वांत आवडते. त्यांनी मूळ, औषध न लागलेल्या बशीतील नेमक्या त्या जागेचे जीवाणू उचलले. ते वाढवून पुन्हा शिक्के मारले, पुन्हा जागा शोधली. असे काही वेळा केल्यावर त्यांच्या हाती निव्वळ टणक जीवाणूंची जात आली. तिच्या साऱ्या पूर्वजांत एकानेही स्ट्रेप्टोमायसिनचे तोंड पाहिले नव्हते.

जोशुआ लेडरबर्ग यांना जीवाणूंच्या आनुवंशिकतेवरील संशोधनासाठी १९५८ साली नोबेल पारितोषिकाचा वाटा मिळाला. लुरिया आणि डेलब्र्युक यांना १९६९ साली मिळाले. एस्थरबाईंचे नाव कोणत्याच यादीत आले नाही. मखमलीच्या प्रयोगात त्यांचा हात होताच. शिवाय जीवाणूत वर्षानुवर्षे दडून राहणारा लॅम्डा नावाचा विषाणूही त्यांनीच शोधून काढला होता. हे मला तरी न्यायाचे वाटत नाही.

पण जीवाणू टणक होतो म्हणजे नेमके काय होते? लुरियांच्या विषाणूला जीवाणूत शिरण्यासाठी त्याच्या अंगावरचे एक ठराविक प्रथिन पकडावे लागते. जीवाणू ते लोह आत घेण्यासाठी वापरतो, विषाणू त्याचीच कडी करतो. जनुकात चूक होऊन ते प्रथिन बिघडले, की विषाणूला धरायला काही उरत नाही. स्ट्रेप्टोमायसिनची तऱ्हा वेगळी. पेशीत प्रथिने बनवणारे रायबोसोम नावाचे कण असतात, त्यांना हे औषध जाऊन चिकटते आणि प्रथिनांच्या जुळणीत घोळ घालते. रायबोसोमात सव्वाशेच्या आसपास अमिनो आम्लांचे एक लहान प्रथिन आहे. त्यातल्या एका लायसीनच्या जागी आर्जिनीन आले तर औषधाचा काही इलाज चालत नाही. एवढ्या मोठ्या साखळीत फक्त एक मणी बदलला!

येथे एक गोष्ट सांगून टाकतो, नाहीतर जीवाणूंवर अन्याय होईल. ते कधीच काही शिकत नाहीत असे नाही. १९५९ साली जपानी संशोधकांना असे आढळले, की आमांशाचे जंतू अनेक औषधांना दाद न देण्याचा गुण शेजारच्या जीवाणूकडून उसना घेऊ शकतात. आणि २००७ साली दह्याच्या एका जीवाणूत दिसले, की तो हल्ला करणाऱ्या विषाणूच्या आनुवंशिक द्रव्याचा तुकडा कापून आपल्याजवळ ठेवतो आणि पुढच्या वेळी शत्रूला ओळखतो. पण क्षयाच्या जंतूची औषधांशी झुंज मात्र लुरियांच्या नळ्यांसारखीच चालते.

१९४८ साली इंग्लंडमध्ये स्ट्रेप्टोमायसिनची मोठी चाचणी प्रसिद्ध झाली. नुसती विश्रांती दिलेल्या ५२ क्षयरोग्यांपैकी सहा महिन्यांत १४ दगावले. औषध दिलेल्या ५५ पैकी फक्त ४. केवढा आनंद! पण बहुतेक रोग्यांच्या थुंकीत लवकरच औषधाला न जुमानणारे जंतू दिसू लागले. पाच वर्षांनी पाहिले तर दोन्ही गटांतले निम्म्याहून अधिक लोक जगात नव्हते.

का, ते आता तुम्हीच सांगू शकाल. फुप्फुसात क्षयाने पोखरलेल्या एका पोकळीत दहा कोटी जंतू असू शकतात. स्ट्रेप्टोमायसिनला न जुमानणारा जंतू साधारण दहा लाखांत एक. म्हणजे औषधाचा पहिला थेंब शरीरात जाण्यापूर्वीच शंभर टणक जंतू तेथे बसलेले. बाकीचे मेले की सारे रान त्यांनाच मोकळे. आता दुसरे औषध घ्या, त्यालाही न जुमानणारा दहा लाखांत एक. दोन्हींना पुरून उरेल असा जंतू मिळायला दहा लाख गुणिले दहा लाख, म्हणजे एक लक्ष कोटी जंतू हवेत. दहा कोटींत तो सापडायचा नाही. पण दोन्ही औषधे एकाच वेळी दिली तरच हे गणित बसते. आज एक आणि ते चालेनासे झाले की उद्या दुसरे, असे दिले तर प्रत्येक वेळी मागचे वाचलेले जंतू पुन्हा कोटींवर जातात आणि त्यांत नवे टणक निघतात. रोग्याने चारांतली एकच गोळी घेतली तरी तेच. चार औषधांमागे आणखीही कारणे आहेत. काही रोग्यांचे जंतू एका औषधाला आधीच दाद देत नसतात, काही जंतू सुस्त पडून राहतात आणि उशिरा मरतात.

हे गणित आपल्या देशातही कसाला लागले. १९५६ साली मद्रास, म्हणजे आजच्या चेन्नईत, क्षयरोगाच्या औषधांवर संशोधन करणारे केंद्र निघाले. तेथे रोग्यांचे दोन गट केले. एकाला आरोग्यधामात ठेवले, खाटेवर पूर्ण विश्रांती आणि सकस आहार दिला. दुसऱ्या गटातील रोगी आपापल्या घरी, गर्दीच्या वस्तीत राहिले. दोघांनाही आयसोनियाझिड आणि पी.ए.एस. ही दोन औषधे वर्षभर एकदमच दिली. घरच्या रोग्यांनी गोळ्या खरोखर घेतल्या का हे पाहायला केंद्राचे लोक न सांगता दारात येऊन उरलेल्या गोळ्या मोजत, लघवी तपासून औषध पोटात गेले की नाही ते बघत. १९५९ साली निकाल प्रसिद्ध झाला. घरी राहिलेले रोगी आरोग्यधामातील रोग्यांच्या जवळजवळ बरोबरीने बरे झाले होते.