इसार, व्याज आणि दाव्याचा खर्च

नऊ वर्षांनी निकालाची नक्कल हातात आली, तेव्हा मामूंच्या घरी आनंदापेक्षा वादच जास्त झाला. घरासाठी त्यांनी ४ लाख रुपये इसार दिला होता. भाव वाढताच मालकाने खरेदीखत करून द्यायचे नाकारले. कोर्टाने घर दिले नाही. इसार परत, दावा दाखल झाल्यापासून सालीना ६ टक्के व्याज आणि दाव्याचा खर्च, असा हुकूम केला.

मुलाने हिशेब केला. "अब्बा, व्याजच २ लाख १६ हजार होतंय."

मामूंनी कागदाची घडी केली. "हा सूद घरात नको. वसुलीची दरखास्तही नको."

मुमानी इतकेच म्हणाल्या, "आणि माझे दागिने मोडून दिलेले पैसे?"

मी कागद पुन्हा उघडला. त्यात तीन वेगळ्या रकमा होत्या. आपल्या घरांत त्यांची गल्लत होते, म्हणून हा लेख.

पहिली रक्कम मुद्दल. ती आपली स्वतःची आहे. पण स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट, १९६३ च्या कलम २२ नुसार दाव्यात मागणी केली नसेल तर कोर्ट इसार परत देण्याचा हुकूम करू शकत नाही. खरेदीखत मागताना 'ते न मिळाल्यास इसार परत मिळावा' हेही लिहिलेच पाहिजे. राहून गेले असेल तर कोर्टाच्या परवानगीने दाव्यात दुरुस्ती करता येते. करारात खरेदीखताची तारीख ठरलेली असेल तर तिथून ३ वर्षांच्या आत दावा लावावा लागतो. तारीख नसेल तर समोरच्याचा नकार कळल्यापासून.

दुसरी रक्कम खर्चाची. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३५ प्रमाणे साधारणपणे हरणाऱ्याने जिंकणाऱ्याचा खर्च द्यायचा असतो. कोर्टाने तसे केले नाही तर कारण लेखी नोंदवावे लागते. कोर्ट फी, नोटिसा, साक्षीदारांचा भत्ता आणि नियमाने ठरलेली वकील फी यांत येते. प्रत्यक्षात दिलेली फी बहुधा त्याहून कितीतरी जास्त असते. खर्च वाजवी पण प्रत्यक्षात झालेला असावा, असे सुप्रीम कोर्टाने २००५ साली सेलम बार असोसिएशनच्या प्रकरणात सांगितले. म्हणून प्रत्येक पावती जपा आणि वकिलांकडून खर्चाचा तपशील वेळेवर दाखल करून घ्या. हा सूद नव्हे; आपल्या खिशातून गेलेला पैसा आहे.

तिसरी रक्कम व्याजाची. कलम ३४ प्रमाणे दावा चालू असतानाचा दर न्यायाधीश ठरवतात. हुकूमनाम्यानंतर मात्र, व्यापारी व्यवहार वगळता, तो ६ टक्क्यांपेक्षा जास्त नसतो. ही रक्कम घेण्याची सक्ती नाही. ती सोडून मुद्दल आणि खर्चापुरतीही दरखास्त करता येते. पुष्कळ उलेमा सांगतात की असा पैसा आला तर स्वतःसाठी वापरू नये, सवाबची नियत न ठेवता गरजूंना द्यावा. काही अभ्यासक मात्र याकडे नुकसानभरपाई म्हणून पाहतात. आपला ज्यांच्या इल्मवर भरवसा आहे, त्या मुफ्तींना निकाल दाखवून विचारावे. पण व्याजाच्या भीतीने मुद्दलावर पाणी सोडणे ही परहेजगारी नव्हे. त्यात घरच्या बाईचा आणि मुलांचाही हक्क असतो. वसुलीच्या दरखास्तीला १२ वर्षांची मुदत असते.

मामूंनी मुफ्तीसाहेबांना विचारले, दरखास्त केली. व्याजाचा चेक वेगळा ठेवून ती रक्कम गरजूंना वाटली. मुद्दल मुमानींच्या हाती दिली. तेवढ्या पैशांत पूर्वीइतके सोने आले नाही, हेही खरे. ते नुकसान कुठल्याच हुकूमनाम्याने भरून निघाले नाही.

म्हणून खरी काळजी सहीच्या आधी घ्यायची. इसार कमीत कमी द्यावा आणि बँकेतून द्यावा. साठेखत नोंदणीकृत असावे. त्यात खरेदीखताची तारीख आणि ते न झाल्यास इसार किती दिवसांत परत करायचा, हे स्पष्ट लिहावे. सूरह बकरहच्या २८२ व्या आयतीत मुदतीचा व्यवहार लिहून ठेवण्याची आणि साक्षीदार घेण्याची ताकीद आहे. आपण ती वाचतो. इसार देताना मात्र "माणूस ओळखीचा आहे" म्हणून साध्या चिठ्ठीवर भागवतो. मामूंचा मालकही ओळखीचाच होता.